संकलकाच्या कारकिर्दीतली दोन रिकामी वर्षं

चरित्रात्मक विषय घेऊन संशोधन करायचं ठरवलं की आपण सगळ्यात आधी काय करतो? यादी करतो. साल, कलाकृती, त्यातलं काम. दिग्दर्शक असेल तर चित्रपटांची यादी, लेखक असेल तर पुस्तकांची. यादी पूर्ण झाली की वाटतं, चला, पाया तर घातला गेला. गाइडही खूश होतात, कारण यादी तपासता येते.

आज मी तुमच्यासमोर अशी एक यादी ठेवणार आहे जिच्यातली सर्वांत महत्त्वाची नोंद यादीत सापडत नाही. ही यादी आहे सेसिल देक्युजिस यांची. त्या फ्रेंच चित्रपटसृष्टीत संकलक होत्या. २०१७ साली त्यांचं निधन झालं. नाव ऐकलं नसेल, पण त्यांचं काम तुम्ही बहुधा पाहिलेलं आहे. निदान त्याच्याबद्दल वाचलेलं तरी नक्कीच आहे.

आधी यादीच बघू. १९५७ : फ्रान्स्वा त्रूफोचा लघुपट 'ले मिस्ताँ'. १९६० : ज्याँ-लुक गोदारचा पहिला पूर्ण लांबीचा चित्रपट 'आ बू द सूफ्ल', म्हणजे आपल्याकडे ज्याला सगळे 'ब्रेथलेस' म्हणतात तो. त्याच वर्षी त्रूफोचा 'तिरे स्यूर ल पियानिस्त', पण इथे संकलनाखाली दोन नावं आहेत : क्लोदीन बुशे आणि सेसिल देक्युजिस. मग पुढे १९६९ मध्ये एरिक रोमेरचा 'मा न्वी शे मोद', १९७० मध्ये 'ल जनू द क्लेर', १९७२ मध्ये 'लामूर लाप्रे-मिदी', आणि असं करत करत १९८४ च्या 'ले न्वी द ला प्लेन ल्यून' पर्यंत रोमेरबरोबरचं दीर्घ काम.

यादी म्हणून छान आहे. फ्रेंच न्यू वेव्हचा सर्वांत गाजलेला चित्रपट एका टोकाला, रोमेरसारख्या शांत दिग्दर्शकाची पंधरा वर्षांची साथ दुसऱ्या टोकाला. अशी यादी प्रबंधाच्या परिशिष्टात टाकून आपण पुढे जाऊ शकतो.

पण थांबा. 'ब्रेथलेस' सारखा चित्रपट हातून गेल्यावर संकलकाकडे कामाची रीघ लागायला हवी. ज्या वर्षी तो प्रदर्शित झाला, त्या वर्षापासून यादी एकदम विरळ का होते?

उत्तर असं : १९६० साली देक्युजिस तुरुंगात गेल्या. अल्जेरियाचं स्वातंत्र्ययुद्ध चालू होतं. त्यांनी पॅरिसमध्ये स्वतःच्या नावावर एक घर भाड्याने घेतलं होतं आणि ते अल्जेरियाच्या राष्ट्रीय मुक्ती आघाडीच्या, म्हणजे एफएलएनच्या, उपयोगासाठी होतं. शिक्षा झाली पाच वर्षांची. त्यातली दोन वर्षं त्यांनी भोगली.

चित्रपटांच्या यादीत तुरुंगवासासाठी रकाना नसतो. म्हणून ही दोन वर्षं आपल्याला नुसती कोरी जागा म्हणून दिसतात. आजचा मुद्दा एवढाच आहे : कारकीर्द अभ्यासताना कोरी जागा हेही साधन आहे, आणि ते वाचायला शिकावं लागतं.

नाव कुठे आहे, कुठे नाही

आता आणखी एक गोष्ट बघा. 'ब्रेथलेस' पुन्हा लावा आणि पहिलं मिनिट लक्ष देऊन पाहा. मोनोग्राम पिक्चर्स या अमेरिकन कंपनीला केलेली अर्पणपत्रिका येते, चित्रपटाचं नाव येतं आणि गोष्ट सुरू होते. नामावली नाही. ना नटांची, ना छायाचित्रकाराची, ना संकलकाची. खुद्द गोदारचंही नाव पडद्यावर येत नाही.

म्हणजे 'टायटल कार्ड हाच पुरावा' असं धरून चालणाऱ्या संशोधकाची इथे पहिल्याच मिनिटाला अडचण होते. पण ही अडचण सगळ्यांची सारखी नसते. गोदारचं नाव पडद्यावर नसलं तरी काही बिघडत नाही. पोस्टर, मुलाखती, समीक्षा, पुरस्कार, सगळीकडे ते आहेच. त्याच वर्षी बर्लिन महोत्सवात त्याला सर्वोत्कृष्ट दिग्दर्शकाचं रौप्य अस्वल मिळालं. संकलकाचं नाव पडद्यावर नसेल तर ते शोधायला निर्मितीची कागदपत्रं, फ्रान्सच्या राष्ट्रीय चित्रपट केंद्राकडच्या नोंदी आणि सिनेमातेक फ्राँसेजचा संग्रह, इथपर्यंत जावं लागतं.

आणि आता या दोन कागदांची तुलना करा. ज्या कामाने जगभर चर्चा झाली त्या चित्रपटाच्या पडद्यावर देक्युजिस यांचं नाव नव्हतं. भाडेकरारावर मात्र होतं, आणि त्या नावाची किंमत दोन वर्षं होती. मी हे अलंकार म्हणून सांगत नाही. संशोधक म्हणून आपल्याला विचारायचं असतं : या माणसाचं नाव कोणकोणत्या कागदांवर उमटलं, आणि कुणी, कशासाठी ते लिहून ठेवलं? शासनाला आरोपीचं नाव नोंदवायचं असतं. चित्रपटसृष्टीला संकलकाचं नाव नोंदवायची तेवढी निकड नसते. त्यामुळे पडद्यामागच्या लोकांच्या बाबतीत अनेकदा पोलिसांचा कागद कलेच्या कागदापेक्षा जास्त बोलका निघतो. कडू आहे, पण उपयोगी आहे.

जंप कट कुणाचा?

'ब्रेथलेस' म्हटलं की जंप कट आलाच. एकाच दृश्यात, त्याच कोनातून, मधला तुकडा काढून टाकलेला. माणूस तिथेच, पण क्षणात मान वळलेली, रस्ता बदललेला. नेहमीच्या संकलनात हा दोष समजला जाई. इथे तोच चित्रपटाची ओळख झाला.

हे कसं घडलं याच्या दोन-तीन कहाण्या प्रचलित आहेत. मुळात पहिली जुळणी फार लांब झाली होती आणि चित्रपट दीड तासाच्या आत बसवायचा होता, इथपर्यंत एकमत आहे. पुढे फाटे फुटतात. दिग्दर्शक ज्याँ-पिएर मेलविल यांनी नंतर सांगितलं की कापाकापीचा सल्ला आपण दिला होता. गंमत म्हणजे या चित्रपटात त्यांनी स्वतः एका लेखकाची छोटी भूमिका केली आहे, आणि जी अनावश्यक दृश्यं काढायला ते सांगत होते त्यांत ते स्वतःचंही दृश्य धरत होते. गोदारने ते ठेवलं. अख्खी दृश्यं काढण्याऐवजी त्याने दृश्यांच्या आतून तुकडे काढले. गोदारची स्वतःची आठवण अशी की मोटारीतल्या प्रसंगात बेल्मोंदो आणि जीन सीबर्ग, दोघांचं थोडं थोडं कापण्याऐवजी एकाला पूर्ण वगळायचं ठरलं आणि कुणाला ठेवायचं ते चक्क नाणं उडवून ठरवलं. सीबर्ग राहिली.

दोन्ही कहाण्या रंजक आहेत. दोन्ही दिग्दर्शकांनी सांगितलेल्या आहेत. तुमचं काम इथे सुरू होतं.

नाणं उडवून काय ठरतं? कुणाला ठेवायचं ते. नेमकं कुठे कापायचं ते नाण्याने ठरत नाही. फिल्म सेकंदाला चोवीस चौकटी धावते. तो प्रसंग बघा : पाठमोरी सीबर्ग, कानावर बेल्मोंदोचा आवाज. तो तिच्यातलं काय काय आपल्याला आवडतं ते सांगत जातो आणि दर वाक्यागणिक चित्र उडी मारतं. मागचा रस्ता बदलतो, उजेड बदलतो, आवाज मात्र चालूच राहतो. या उड्या वाक्यांच्या तालावर पडतात. तो ताल कुणीतरी टेबलावर बसून, फिल्मची पट्टी हातात धरून, मागेपुढे करून शोधलेला आहे.

म्हणून मग 'जंप कट देक्युजिसचाच' असं जाहीर करायचं का? नाही. ही दुसऱ्या बाजूची घाई झाली. विस्मृतीत गेलेल्या स्त्रीला न्याय देण्याच्या भरात आपण दिग्दर्शकाचं सिंहासन उचलून संकलकाखाली ठेवतो. सिंहासन तसंच राहतं, फक्त बसणारी व्यक्ती बदलते. व्हायव्हामध्ये परीक्षक पहिला प्रश्न विचारतील, 'पुरावा?' आणि आपल्याकडे असेल फक्त सद्भावना.

मला विचाराल तर प्रश्नच थोडा बदलून घ्या. 'कुणाचा' ऐवजी 'कशामुळे शक्य झाला' असं विचारा. 'ब्रेथलेस'चं चित्रीकरण १९५९ च्या ऑगस्ट-सप्टेंबरमध्ये झालं आणि ते करताना संवाद ध्वनिमुद्रित केले जात नव्हते. आवाज नंतर भरला गेला. याचा संकलनाच्या टेबलावर काय अर्थ होतो? चित्र आणि आवाज एकमेकांना बांधलेले नाहीत. चित्रातून चार सेकंद काढले तर वाक्य तुटण्याची भीती नाही, कारण वाक्य नंतर त्याच्यावर अखंड बसवता येतं. दिग्दर्शकाचं धाडस, निर्मात्याची वेळमर्यादा, आवाजाची पद्धत आणि संकलकाचा हात, या चार गोष्टी एकत्र आल्या तेव्हा ती उडी जमली. हे विधान सिद्ध करता येतं. आणि यात देक्युजिस यांची जागा फुगवलेली नाही, पुसलेलीही नाही.

हीच माणसं, उलटं काम

आता यादीच्या दुसऱ्या टोकाला जा. १९६९, 'मा न्वी शे मोद'. क्लेरमाँ-फेराँ शहर, नाताळचे दिवस, बर्फ, आणि एका बाईच्या घरात रात्रभर चाललेल्या गप्पा : पास्काल, धर्म, लग्न, प्रेम. रोमेर चित्रीकरणाच्या वेळीच आवाज मुद्रित करत असे. म्हणजे इथे परिस्थिती नेमकी उलट. वाक्य आणि ओठ एकत्र बांधलेले. मधले चार सेकंद काढले तर अर्थच जाईल.

मग संकलकाला काम काय उरलं? भरपूर. कोण बोलतंय हे आपल्याला ऐकू येतंच, त्यामुळे बघायचं कुणाकडे हा निर्णय मोकळा होतो. या चित्रपटात बऱ्याचदा आपण बोलणाऱ्याकडे न बघता ऐकणाऱ्याकडे बघत राहतो. एक माणूस आपली तत्त्वं मांडतोय आणि समोरचा चेहरा ती किती मानायची ते ठरवतोय. इथे कट उशिरा येतो, आणि तो उशीरच सगळं सांगून जातो.

हे दोन चित्रपट शेजारी ठेवले की एक सवयीचा शब्द डळमळतो : 'शैली'. देक्युजिस यांची शैली कोणती, उडीची की थांबण्याची? दिग्दर्शकाच्या अभ्यासातून उचललेला 'शैली' हा शब्द संकलकाला तसाच लावला तर उत्तर येत नाही. पण 'बोलण्याचा ताल ओळखून कट ठरवणं' असं म्हटलं तर मोटारीतला प्रसंग आणि मोदच्या घरातली रात्र या दोन्हींत एकच कौशल्य दिसू लागतं. एका ठिकाणी ते चित्र तोडतं, दुसऱ्या ठिकाणी चित्र धरून ठेवतं. कारकिर्दीचा धागा असा कामाच्या पद्धतीत शोधायचा असतो. बाह्य रूपात शोधलात तर हाती लागणार नाही.

संकलनाची खोली आणि बायका

तुम्ही म्हणाल, एकट्या देक्युजिस यांचंच का? बरोबर आहे, म्हणून जरा आजूबाजूला बघू. त्रूफोचा 'ले कात्र साँ कू' (१९५९) : संकलन मारी-जोझेफ योयोत. 'झ्यूल ए जिम' (१९६२) : क्लोदीन बुशे. रिव्हेतचा 'पारी नूझापार्तियँ' : देनीज द कासाब्यांका. गोदारचे साठच्या दशकातले बहुतेक चित्रपट : आन्येस गियमो. ज्या चळवळीला आपण चार-पाच तरुण पुरुषांची चळवळ म्हणून शिकतो, तिच्या संकलनाच्या टेबलावर मोठ्या प्रमाणात बायका होत्या.

हे त्या चळवळीचं औदार्य समजू नका. मूक चित्रपटांच्या काळापासून फिल्म तपासणं, कापणं, चिकटवणं हे बारीक हातकाम मानलं जाई, शिवणकामासारखं, आणि म्हणून ते बायकांकडे दिलं जाई. फ्रेंचमध्ये स्त्री-संकलकासाठी 'माँतूझ' असा वेगळा शब्द आहे. मूळ फ्रेंच कागद वाचताना त्या एका शब्दावरून व्यक्ती स्त्री आहे हे कळतं. इंग्रजी भाषांतरात तो 'एडिटर' झाला की ही माहिती गळून जाते. मराठीत 'संकलक' लिहिलं तरी तेच होतं. भाषांतरित साधनांवर पूर्ण प्रबंध उभा करणाऱ्यांनी हे जरूर लक्षात ठेवावं.

याच्या जोडीला सिद्धान्ताचा भाग आहे. त्रूफोने जानेवारी १९५४ च्या 'काये द्यू सिनेमा'मध्ये जो गाजलेला लेख लिहिला, तिथून दिग्दर्शक हाच चित्रपटाचा कर्ता ही भूमिका जोर धरू लागली. त्या काळच्या पटकथालेखकांच्या वर्चस्वाविरुद्ध ते शस्त्र उपयोगी होतं. पण कर्ता एकच म्हटल्यावर बाकी सगळे मदतनीस ठरतात. इतिहास लिहिणाऱ्यांनी ती भूमिका जशीच्या तशी उचलली, आणि संकलनाची खोली इतिहासातून बाहेर राहिली.

दोन वर्षांचा अर्थ

आता परत त्या कोऱ्या जागेकडे येऊ. बहुतेक परिचयांत ती एका वाक्यात येते : 'मध्यंतरी राजकीय कारणाने कारकिर्दीत खंड पडला.' वाक्य खोटं नाही. पण 'खंड' म्हटलं की वाटतं, खरं आयुष्य म्हणजे चित्रपट आणि तुरुंग म्हणजे अपघात.

तसं होतं का? पन्नाशीच्या दशकाच्या अखेरीस देक्युजिस यांनी ट्युनिशियात जाऊन अल्जेरियन निर्वासितांवर लघुपट केला होता. म्हणजे अल्जेरियाचा प्रश्न त्यांच्या कामात तुरुंगाच्या आधीपासून होता. घर भाड्याने घेणं ही कारकिर्दीबाहेरची गोष्ट नव्हती. ज्या माणसांना त्यांनी कॅमेऱ्यातून पाहिलं होतं, त्यांच्याच बाजूने केलेली ती कृती होती.

आता त्याच १९६० सालात गोदार काय करत होता ते बघा. त्याने जिनिव्हात 'ल पती सोल्दा' चित्रित केला. विषय : अल्जेरियाचं युद्ध, हेरगिरी, छळ. सरकारने त्याच्यावर बंदी घातली आणि तो १९६३ मध्ये प्रदर्शित झाला. त्याच्या संकलकांत आन्येस गियमो होत्या. आणि सप्टेंबर १९६० मध्ये, अल्जेरियात लढायला नकार देणाऱ्यांच्या हक्काची बाजू घेणारं '१२१ जणांचं निवेदन' निघालं. त्रूफोनेही त्यावर सही केली.

बघा, एका युद्धाबद्दल एकाच वर्षी तीन माणसांनी तीन गोष्टी केल्या. एकाने चित्रपट काढला, एकाने सही केली, एकीने घर भाड्याने घेतलं. पहिल्या दोन गोष्टी चित्रपट-इतिहासात जाडजूड प्रकरणं मिळवतात. तिसरी 'खंड' म्हणून नोंदली जाते. तुलना करून कुणाला मोठं-छोटं ठरवायचं नाही. बंदी आलेल्या चित्रपटाचीही किंमत मोजावी लागतेच. पण आपल्या साधनांची मांडणीच अशी आहे की चित्रपट आणि सही यांना 'कृती' म्हणतात आणि तुरुंगवासाला 'अनुपस्थिती'. हे आपल्या प्रबंधात आपोआप शिरू द्यायचं की थांबवायचं, हा निर्णय तुमचा आहे.

हे थांबवण्यासाठी हाताशी काय आहे? फ्रान्समध्ये न्यायालयीन कागदपत्रं साधारणपणे ७५ वर्षं बंद असतात. मात्र २२ डिसेंबर २०२१ च्या आदेशाने अल्जेरिया युद्धाशी संबंधित न्यायालयीन तपासांची कागदपत्रं, म्हणजे १ नोव्हेंबर १९५४ ते ३१ डिसेंबर १९६६ या काळातली, मुदतीआधी खुली करण्यात आली. युद्धाला 'युद्ध' म्हणायलाच फ्रान्सच्या कायद्याला १९९९ साल उजाडलं. तोवर अधिकृत भाषा 'सुव्यवस्था राखण्याची मोहीम' अशीच होती. म्हणजे जुन्या सूचीत 'अल्जेरिया युद्ध' एवढंच शोधत बसलात तर बरंच काही हातून निसटेल. त्या काळाचे शब्द वापरून शोधा. चित्रपट-संशोधकाने न्यायालयाच्या दप्तरात जायचं, हे ऐकायला विचित्र वाटतं. पण कारकीर्द जिकडे गेली तिकडे आपणही जायला हवं.

तुमच्या विषयासाठी

तुमचा विषय फ्रान्स नसेल. कोल्हापूरचे स्टुडिओ असतील, एखादी नाटक कंपनी असेल, छापखान्यातले जुळारी असतील. तरी तीन गोष्टी करून बघा.

एक, यादी झाली की लगेच तिच्याखाली दुसरी यादी करा, फक्त कोऱ्या वर्षांची. प्रत्येक वर्षासमोर घर, आजारपण, बाळंतपण, संप, तुरुंग, स्थलांतर यांपैकी काय असू शकेल ते लिहा आणि कोणत्या दप्तरात ते तपासता येईल तेही लिहा. सिनॉप्सिसमध्ये हे पान असलं तर समितीसमोर तुमची बाजू भक्कम होते.

दोन, जिथे एका कामावर दोन नावं असतील तिथे थांबा. 'तिरे स्यूर ल पियानिस्त'वर बुशे आणि देक्युजिस ही दोन नावं का आहेत, हा प्रश्न साल आणि तुरुंगवास शेजारी ठेवल्यावरच सुचतो. प्रश्न सुचणं म्हणजे उत्तर मिळणं नव्हे. तळटीपेत त्याला प्रश्न म्हणूनच ठेवायचं.

तीन, श्रेय कुणाला द्यायचं हे ठरवण्याआधी काम कसं चालायचं ते शिका. आवाज कधी मुद्रित व्हायचा हे माहीत नसतं तर वरची अर्धी चर्चा मला करताच आली नसती.

या आठवड्यात एक करा. 'ब्रेथलेस'मधला मोटारीतला तो प्रसंग आधी आवाज बंद करून बघा, मग चित्र न बघता नुसता ऐका. कट कुठे पडतात ते कागदावर टिपा. मग 'मा न्वी शे मोद'मधली कोणतीही पाच मिनिटं घेऊन तेच करा. दोन्ही कागद शेजारी ठेवा आणि मधे १९६० ते १९६२ असं लिहा. त्या तीन कागदांवरून दोन पानांचं टिपण तयार झालं, तर तुम्ही संकलकाचा इतिहास लिहायला सुरुवात केली असं समजा.